प्रिझमॅटिक इव्होल्यूशन्स: मुलाच्या वाढदिवसाला यातलं नेमकं काय घेऊ?

मृदगंध_जर्सी
८ फेब्रुवारी २०२५, रात्री ९:४०

नमस्कार मंडळी. पोकेमॉन कार्डांतलं मला ओ की ठो कळत नाही, म्हणून इथे विचारतेय.

लेकाला २२ मार्चला नऊ पूर्ण होतील. दरवर्षी वाढदिवसाला काय हवं याची लांबलचक यादी असते, यंदा एकच शब्द: ‘प्रिझमॅटिक’. १७ जानेवारीला आलेली ही ईव्ही नावाच्या पोकेमॉनची कार्डांची मालिका. शाळेच्या बसमध्ये दुसरा विषय नाही म्हणे. संध्याकाळी मी पोळ्या लाटत असते आणि हा ओट्याशेजारी स्टुलावर बसून मला कार्डं वाचून दाखवतो. कुणाची एचपी (म्हणजे जीव) किती, कोण कुणात बदलतो, सगळं तोंडपाठ. त्याला त्यातला अंब्रियॉन हवा आहे, ईव्ही बदलून जे पोकेमॉन होतात त्यांतला एक. वहीच्या मागच्या पानावर त्याने तो काळ्या स्केचपेनने इतका गिरवलाय की पान फाटायला आलंय.

मागच्या आठवड्यात चार दुकानं फिरले. तीन ठिकाणी मांडणी रिकामी. चौथ्या ठिकाणी काचेच्या कपाटात एलिट ट्रेनर बॉक्स नावाचा एक मोठा खोका होता, त्यावर १५० डॉलरची चिठ्ठी. कंपनीची किंमत ५४.९९ आहे हे घरी येऊन बघितल्यावर कळलं. बरं झालं, घेतला नाही. पण आता धास्ती बसली आहे. स्टिकरवालं एक आहे, पोस्टरवालं एक, बाइंडरवालं एक, कालपासून सरप्राइज बॉक्स म्हणूनही काहीतरी आलंय. सगळ्यांवर तीच ईव्ही आणि तेच रंगीत तारे. आत काय वेगळं असतं?

माझं बजेट १०० डॉलर, त्यावर नाही. त्याला नुसती जमवायची नाहीत, खेळायचंही आहे, पण खेळायला लागणारा पूर्ण पत्त्यांचा डाव (डेक) त्याच्याकडे नाही. पुण्यात भाऊ असतो, त्याच्या मुलालाही यातलंच काही पाठवावं असं मनात आहे. कुणी घेतलं असेल तर सांगा.

हिरवा_चाफा
८ फेब्रुवारी २०२५, रात्री ११:०५

मी तर म्हणेन तो १५० चा बॉक्स घ्या आणि न फोडता कपाटात ठेवा. २०२१ मध्ये इव्हॉल्व्हिंग स्कायज आली होती, त्यातही ईव्हीचंच गोत होतं. तेव्हा लोकांनी सहज घेतलेल्या बंद खोक्यांना आज मूळ किमतीच्या कितीतरी पट भाव आहे. ही मालिका त्याच वाटेने जाणार असं मला मनापासून वाटतं. मुलाला आत्ता एखादा छोटा डबा द्या, हा बॉक्स त्याच्या कॉलेजच्या वेळी कामाला येईल. मी स्वतः दोन ठेवलेत.

कॅशियर_आजोबा
९ फेब्रुवारी २०२५, सकाळी ७:१५

मृदगंधताई, मी साताऱ्याचा. बँकेत एकतीस वर्षं कॅश काउंटरवर होतो. आता वर्षातले सहा महिने मुलाकडे एडिसनला असतो. नातू दहा वर्षांचा आहे. त्याच्याबरोबर गेली दोन वर्षं मी ही कार्डं खेळतोय आणि सवयीने वही ठेवली आहे. डाव्या पानावर काय घेतलं आणि कितीला, उजव्या पानावर पाकिटातून काय निघालं. सांगतो ते वही समोर ठेवूनच सांगतो.

आधी एक गोष्ट लक्षात घ्या. खोका कुठलाही असो, आतलं पाकीट तेच. दहा कार्डांचं. त्यातली किमान तीन चमकती असतात. महाग खोक्यातलं पाकीट जास्त चांगलं निघतं असं काही नाही. म्हणून खोका हातात घेतला की मागे बारीक अक्षरात पाकिटं किती लिहिली आहेत ते बघायचं आणि किमतीला त्याने भागायचं. स्टिकरवाल्यात ३ पाकिटं, किंमत १४.९९. पोस्टरवाल्यातही ३, किंमत तीच. म्हणजे पाकीट पाच डॉलरला पडलं. बाइंडरमध्ये ५ पाकिटं, २९.९९ ला, म्हणजे सहाला एक. एलिट ट्रेनर बॉक्समध्ये ९ पाकिटं, ५४.९९ ला, म्हणजे सहाच्या थोडं वर. तुम्ही बघितलेल्या चिठ्ठीच्या भावाने तेच पाकीट पावणेसतराच्या घरात जातं, वर आपल्या न्यू जर्सीचा ६.६२५ टक्के कर. तो खोका तिथेच राहू द्या.

आता तुम्ही पाहिलेलाच नाही असा एक प्रकार. ७ मार्चला याच मालिकेचं बूस्टर बंडल येतंय. ६ पाकिटं, किंमत २६.९४. पाकीट ४.४९ ला पडतं, म्हणजे सुट्या पाकिटाच्याच भावात. सोबत पोस्टर नाही, स्टिकर नाही, फासे नाहीत. पाकीट फोडायची मजा द्यायची असेल तर यापेक्षा स्वस्त काही नाही, आणि वाढदिवस २२ ला आहे. नेहमीच्या मालिकांचे ३६ पाकिटांचे मोठे खोके येतात, ही खास मालिका असल्याने तसा खोका यात निघालेलाच नाही. त्यामुळे तो शोधत बसू नका, आणि कुणी दाखवलाच तर हात लावू नका.

सोबतचं सामान कुणाच्या कामाचं तेही सांगतो. एलिट ट्रेनर बॉक्समध्ये ईव्हीचं एक खास कार्ड, ६५ स्लीव्ह (कार्डावर चढवायची प्लॅस्टिकची पिशवी), हल्ल्यासाठी लागणारी एनर्जी कार्डं, फासे आणि कार्डं उभी लावायला कप्पे असलेला मजबूत खोका मिळतो. खेळणाऱ्या मुलाला यातलं सगळं लागतं. मूळ किमतीत मिळाला तर जरूर घ्या. आमच्याकडचा पहिला खोका अजून नातवाच्या टेबलावर आहे. बाइंडर जमवणाऱ्याला चांगला, पानाला नऊ खिसे असतात. पोस्टर घडी घालून येतं, घडीच्या रेघा काही जात नाहीत. स्टिकर आमच्याकडे फ्रिजवर लागले.

हिरवा_चाफा, तुमचं इव्हॉल्व्हिंग स्कायजचं म्हणणं खरं आहे. पण ते खोके लोकांनी मूळ किमतीत घेतले होते. तिपटीच्या जवळ पैसे मोजून सुरुवात केली तर गणितच बदलतं. शिवाय कंपनीने जाहीर सांगितलंय की माल कमी पडतोय हे त्यांना माहीत आहे आणि छपाई पुन्हा चालू आहे. आणि या बाईंच्या मुलाला वाढदिवसाला बंद खोका दाखवून कपाटात ठेवायचा? नऊ वर्षांच्या मुलाला ते जमणार नाही, आणि जमू नये असं मला वाटतं.

आता अंब्रियॉन. इथे जरा थांबून वाचा.

या मालिकेत मुख्य कार्डं १३१. त्यापुढे खास छापलेली, पूर्ण चित्रांची. त्यातली ज्यांना स्पेशल इलस्ट्रेशन रेअर म्हणतात, ती ३२ आहेत. मुलं ज्याचे व्हिडिओ बघतात तो अंब्रियॉन म्हणजे १६१ नंबरचा, त्या ३२ पैकी एक. मुळात या दर्जाचं कार्ड पाकिटातून क्वचित निघतं. निघालं तरी ते हवं तेच असेल याची आशा किती धरायची? सुटं घ्यायला गेलात तर आज हजार डॉलरच्या वर भाव आहे. ते डोक्यातून काढून टाका.

पण त्याच अंब्रियॉन ईएक्सचं (ईएक्स म्हणजे जास्त ताकदीचा पोकेमॉन) साधं कार्डही याच मालिकेत आहे. खेळात दोन्हींची ताकद तंतोतंत सारखी, फक्त चित्र वेगळं. ते सुटं काही डॉलरांत मिळतं. ते घ्या. आणि सोबत दोन-तीन ईव्ही घ्या, त्या तर चिल्लरमध्ये मिळतात. अंब्रियॉन थेट पटावर उतरत नाही, आधी ईव्ही ठेवावी लागते आणि पुढच्या फेरीत तिच्यावर अंब्रियॉन चढवायचा. नुसता अंब्रियॉन दिलात तर मुलगा पहिल्याच खेळात अडेल.

हे मी का इतकं सांगतोय? २०२३ च्या सप्टेंबरात १५१ नावाची मालिका आली. नातवाला चारिझार्ड नावाचा पोकेमॉन हवा होता, मोठ्या चित्राचा. मुलाने तीन ट्रेनर बॉक्स आणले, सत्तावीस पाकिटं. दिवाणखान्यात चटईवर बसून आम्ही ती एका दुपारी फोडली. वहीचं उजवं पान भरलं. चारिझार्ड नाही निघाला. नातू रडला वगैरे नाही. शेवटचं पाकीट झाल्यावर त्याने सगळी कार्डं माझ्याकडे सरकवली, उठला आणि हात धुवायला गेला. त्या ढिगात फार सुंदर कार्डं होती. त्याने ती त्या दिवशी पाहिलीच नाहीत, याची चुटपुट मला अजून आहे. पुढच्या आठवड्यात मी साधा चारिझार्ड ईएक्स सुटा आणून दिला, पाच डॉलरच्या आसपास. तो त्याने इतका खेळवलाय की स्लीव्ह तीनदा बदलली.

खेळाबद्दल. तुमच्या मुलाचा वाढदिवस फार नामी दिवशी आलाय. २८ मार्चला पुढची नेहमीची मालिका येतेय, जर्नी टुगेदर. तिच्या आधी १५ मार्चपासून २३ पर्यंत कार्डांच्या दुकानांत प्रीरिलीज, म्हणजे मालिका विक्रीला येण्याआधीच्या छोट्या स्पर्धा होतात. २२ ला शनिवार आहे. प्रत्येकाला एक बिल्ड अँड बॅटल बॉक्स मिळतो, आत ४० पत्त्यांचा तयार डाव आणि ४ पाकिटं. तिथेच फोडायची, त्यातून डाव सुधारायचा आणि लगेच खेळायचं. एरवी डाव ६० पत्त्यांचा आणि बक्षिसाची कार्डं (समोरच्याचा पोकेमॉन हरवला की उचलायची) ६ असतात, प्रीरिलीजला ४० आणि ४. म्हणून लहान मुलं दमत नाहीत, आणि सगळ्यांचेच पत्ते नवे असल्याने नवखा मुलगा फार मागे पडत नाही. प्रवेश फी दुकानागणिक वेगळी, आमच्याकडे तीसच्या आत असते.

घरी खेळायला त्याला एक पूर्ण डाव लागेल. चारिझार्ड ईएक्स लीग बॅटल डेक घ्या, साधारण तीस डॉलर. साठच्या साठ पत्ते आत असतात, खोका उघडला की खेळ चालू. समोर बसायला तुम्हीच असाल आणि तुम्हालाही नव्याने शिकायचं असेल तर त्याऐवजी बॅटल अकॅडमी घ्या. त्यात तीन सोपे डाव आणि दोघांचा पट असतो, पहिला खेळ कसा टाकायचा हे पायरीपायरीने लिहिलेलं असतं. मी त्यावरच शिकलो.

तर माझ्या हिशेबात बंडल सत्तावीस, डाव तीस, प्रीरिलीज तीस, सुटा अंब्रियॉन आणि ईव्ही मिळून पाच-सहा. कर धरून शंभराच्या आत.

एक शेवटचं, आणि हे जपा. सुटी पाकिटं अनोळखी माणसाकडून घेऊ नका. गेल्या उन्हाळ्यात एका कार्डांच्या मेळाव्यात मी एका टेबलावरून सहा सुटी पाकिटं घेतली, दुकानापेक्षा डॉलरभर स्वस्त. घरी आल्यावर बोटाला काहीतरी वेगळं लागलं. पाकिटाच्या वरच्या आणि खालच्या कडेला बारीक दातेरी दाब असतो, तो सरळ आणि एकसारखा हवा. यातल्या दोन पाकिटांना खालची कड चुरगळलेली होती, आणि मागच्या उभ्या शिवणीवर डिंक वाळल्यावर येते तशी चकाकी. कार्डं काढून मी मोजली. नऊ. पुन्हा मोजली, नऊच. नोटांचं बंडल हातात आल्यावर कमी आहे हे मोजायच्या आधी कळायचं, तसंच झालं. बंद खोक्याच्या वरच्या प्लॅस्टिकवर पांढऱ्या रंगात कंपनीची खूण छापलेली असते. ती नसेल तर परत ठेवा.

नागोया_डायरी
९ फेब्रुवारी २०२५, सकाळी १०:२०

आजोबांनी पाकिटामागे किंमत काढायला सांगितली ते अगदी पटलं. जपानबद्दल थोडं लिहिते, कारण कुणीतरी तुम्हाला ‘जपानी घ्या, स्वस्त पडेल’ असं सांगणारच.

हीच मालिका इथे ६ डिसेंबरला आली, नाव टेरास्टल फेस्टिव्हल ईएक्स. एका खोक्यात १० पाकिटं, पाकिटात १० कार्डं, पाकीट ५५० येनला. कागद आणि छपाई हातात घेतल्यावर फार सुखावते. पण मूळ किमतीत इथेही सहज मिळत नाही. पोकेमॉन सेंटरला, म्हणजे कंपनीच्या स्वतःच्या दुकानात, सोडतीत नाव द्यावं लागतं, आमचं दोनदा लागलं नाही.

मृदगंध, मुलाला खेळायचंय म्हणताय तर ही घेऊ नका. जपानी कार्डं अमेरिकेतल्या अधिकृत स्पर्धांत चालत नाहीत. आणि तुमचा मुलगा ओट्याशेजारी बसून वाचून दाखवतो ना, ते काताकानात, म्हणजे जपानी लिपीत, कसं जमणार? बाइंडरमध्ये ठेवायला एखादं सुटं कार्ड हवं असेल तर वेगळी गोष्ट.

पेठेतला_पत्तेवाला
९ फेब्रुवारी २०२५, दुपारी १२:५०

पुण्याच्या भाच्याबद्दल मी सांगतो. जरूर पाठवा, अगदी एक छोटा डबा पाठवलात तरी चालेल. मिनी टिन २१ फेब्रुवारीला येतोय, त्यात २ पाकिटं असतात आणि डब्यात पोरं नंतर काहीही ठेवतात.

का पाठवा म्हणतो ते सांगतो. इथे खेळण्यांच्या दुकानात काळ्या डब्यात सोनेरी कार्डं मिळतात, पंचावन्न नग, दोन-अडीचशे रुपयांना. ती सगळी बनावट. माझ्या पुतणीने वाढदिवसाच्या पैशातून तो डबा घेतला आणि रविवारी आमच्या खेळाच्या गटात घेऊन आली. एका टेबलावर बारा मुलं. तिचं पहिलंच कार्ड बघून समोरच्याने सांगितलं की हे चालणार नाही. तिचा चेहरा मी विसरणार नाही. डबा विकणाऱ्याला काय विकतोय ते पक्कं माहीत होतं.

भाऊ इथे काही घेणार असेल तर त्याला एवढं सांगा. मोबाइलचा टॉर्च कार्डाच्या मागे धरायचा. खऱ्या कार्डात मधोमध काळसर थर असतो, उजेड फारसा पार येत नाही. बनावट कार्ड पतंगाच्या कागदासारखं उजळतं. मागचा निळा रंग फिका किंवा जांभळट दिसतो, आणि पोकेमॉनच्या इंग्रजी स्पेलिंगमधल्या ‘ई’वरची तिरपी रेघ पुष्कळदा गायब असते.

बरोबर येणाऱ्या कुणाच्या सामानात देत असाल तर हातातल्या बॅगेत द्या, टिनचे कोपरे चेपतात.

मृदगंध_जर्सी
९ फेब्रुवारी २०२५, रात्री ८:३०

किती नीट लिहिलंत सगळ्यांनी. आजोबा, तुमची पोस्ट नवऱ्याला मोठ्याने वाचून दाखवली. त्या चटईवरच्या दुपारशी आम्ही दोघंही थांबलो.

ठरलं. बंडल, चारिझार्डचा डाव, प्रीरिलीज आणि सुटा अंब्रियॉन. भाच्याला मिनी टिन, एप्रिलमध्ये सासूबाई जातायत त्यांच्या पर्समध्ये.

दोन शंका राहिल्या. एक, ७ मार्चला बंडल मूळ किमतीत मिळेल कसं? नवरा म्हणतो पहाटे रांग लावू. दुसरी, अंब्रियॉन आधी द्यावा की पाकिटं फोडून झाल्यावर?

कॅशियर_आजोबा
९ फेब्रुवारी २०२५, रात्री ९:५५

ताई, पहाटेच्या रांगेत मी एकदा उभा राहिलो आहे. पुढे उभ्या असलेल्या चौघांनी सगळी मांडणी गाड्यांत भरली. त्यापेक्षा जिथे दर आठवड्याला मुलं बसून खेळतात असं एखादं कार्डांचं दुकान जवळ शोधा आणि या शनिवारी मुलाला घेऊन तिथे जा. काही घ्यायलाच हवं असं नाही. मालकाला सांगा की मुलाला २२ ला प्रीरिलीज खेळायचंय, नाव आत्ताच लिहून घ्या, जागा मोजक्या असतात. बंडलबद्दल तेव्हाच विचारा. आमचा दुकानदार खेळायला येणाऱ्या मुलांसाठी डोई एक याप्रमाणे मूळ किमतीत बाजूला ठेवतो. सगळेच ठेवतात असं नाही, पण विचारल्याशिवाय कळत नाही. नाहीच मिळालं तर ते सत्तावीस डॉलर राखून ठेवा, छपाई चालू आहे, पुढे मिळेल. चढ्या भावाने घेऊ नका.

स्पर्धेसाठी मुलाचा प्लेयर आयडी लागतो. तो कंपनीच्या संकेतस्थळावर पालकांनी काढायचा असतो, फुकट आहे. आदल्या रात्रीवर ठेवू नका.

अंब्रियॉन आधी द्या. सकाळी उठल्या उठल्या, स्लीव्हमध्ये घालून, त्या गिरवलेल्या वहीच्या पानात ठेवून. मग पाकिटं फोडताना त्याला कशाचीच वाट बघायची नसेल, जे निघेल ते तो बघेल.

स्लीव्ह घेताना पाकिटावर ‘स्टँडर्ड’ लिहिलेली घ्या. ‘स्मॉल’ किंवा ‘जपानी’ लिहिलेली आखूड असते, त्यात घालताना या कार्डांचे कोपरे मुडपतात. माझ्या हातून एक मुडपलंय.

आम्ही १५ मार्चलाच प्रीरिलीजला जातोय. डाव कसा लागला, चाळीस पत्त्यांत एनर्जी किती ठेवली, हे त्या रात्री इथे लिहितो. तुमच्या लेकाला आठवडाभर आधी वाचायला मिळेल.